वातावरण सर्वांचे, भार कोणावर?

हवामान बदलावरच्या आंतरराष्ट्रीय वाटाघाटींच्या मुळाशी वाटणीचा वाद आहे. पृथ्वीचे तापमान एका ठरावीक पातळीवर रोखायचे, तर वातावरणात सोडता येणाऱ्या कार्बन डायऑक्साइडलाही मर्यादा पडते. या मर्यादेतला फार मोठा हिस्सा युरोप आणि अमेरिकेने औद्योगिक क्रांतीपासून वापरून टाकला. उरलेला हिस्सा कोणी वापरायचा, कोळसा आणि तेल सोडण्याचा खर्च कोणी सोसायचा आणि ज्यांनी फारसे काही जाळलेच नाही अशा देशांचे नुकसान कोणी भरून द्यायचे, या तीन प्रश्नांवर जगातले देश १९९१ पासून बोलत आहेत. या काळात एक मूळ करार झाला, त्याच्या आधाराने क्योटो आणि पॅरिस हे आणखी दोन करार झाले आणि तीस वार्षिक परिषदा भरल्या.

विज्ञानाची सुरुवात राजकारणाच्या कितीतरी आधीची आहे. हवेतल्या काही वायूंमुळे पृथ्वीची उष्णता अडून राहते, हे एकोणिसाव्या शतकात सिद्ध झाले होते. स्वीडनचे शास्त्रज्ञ स्वांते अऱ्हेनियस यांनी १८९६ मध्येच, कार्बन डायऑक्साइड दुप्पट झाल्यास तापमान किती वाढेल याचे गणित मांडले. चार्ल्स कीलिंग यांनी १९५८ मध्ये हवाई बेटावरच्या मौना लोआ वेधशाळेत रोजची मोजमापे सुरू केली, तेव्हा हवेच्या दहा लाख भागांत या वायूचे सुमारे ३१५ भाग होते. आज ते ४२० च्या वर गेले आहेत. हे आकडे वर्षागणिक चढत गेले आणि शंकेला जागा कमी होत गेली.

राजकीय बाजूची पहिली ठिणगी १९७२ च्या स्टॉकहोम परिषदेत पडली. तिचा विषय हवामान बदलाचा नव्हता, मानवी पर्यावरणाचा होता. यजमान स्वीडनचे पंतप्रधान ओलोफ पाल्मे यांच्याखेरीज तिथे हजर राहिलेल्या एकमेव सरकारप्रमुख म्हणजे इंदिरा गांधी. गरिबी आणि पर्यावरण यांना वेगळे काढता येत नाही, आणि श्रीमंत देशांच्या चिंतेपोटी गरिबांचा विकास थांबवता येणार नाही, हा त्यांच्या भाषणाचा गाभा होता. पुढची पन्नास वर्षे विकसनशील देशांनी जी भूमिका लावून धरली, तिचा पाया या भाषणात दिसतो. याच परिषदेतून संयुक्त राष्ट्रांचा पर्यावरण कार्यक्रम उभा राहिला आणि त्याचे मुख्यालय नैरोबीत आले.

ऐंशीच्या दशकात ओझोनच्या थराचा प्रश्न पुढे आला आणि १९८७ च्या माँट्रियल कराराने तो बऱ्याच अंशी सोडवूनही दाखवला. घातक रसायने बनवणारे कारखाने मोजके होते, पर्यायी रसायने मिळत होती आणि गरीब देशांना बदलाचा खर्च देण्यासाठी निधी उभारला गेला. हवामानाच्या प्रश्नावरही असाच करार होईल, असे त्या वेळी अनेकांना वाटले. तो अंदाज चुकला, आणि चुकण्याचे कारण समजून घेण्यासारखे आहे. ओझोन खाणारी रसायने फ्रिज, फवारे अशा मोजक्या वापरांपुरती होती. कोळसा, तेल आणि वायू मात्र विजेत, वाहतुकीत, पोलादात, सिमेंटमध्ये, खतात, म्हणजे आधुनिक अर्थव्यवस्थेच्या प्रत्येक सांध्यात आहेत. त्यांना हात लावणे म्हणजे प्रत्येक देशाच्या उत्पन्नाला हात लावणे.

१९८८ हे वर्ष निर्णायक ठरले. अमेरिकेत कडक उन्हाळा आणि दुष्काळ असताना, २३ जूनला नासाचे शास्त्रज्ञ जेम्स हॅन्सन यांनी सिनेटच्या समितीपुढे साक्ष दिली की तापमानवाढ सुरू झाली आहे. त्याच महिन्यात टोरंटोच्या परिषदेने २००५ पर्यंत कार्बन डायऑक्साइडचे उत्सर्जन २० टक्क्यांनी कमी करण्याची हाक दिली. वर्षअखेरीस माल्टाच्या पुढाकाराने संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेने हवामान हा साऱ्या मानवजातीच्या चिंतेचा विषय असल्याचा ठराव केला. जागतिक हवामान संघटना आणि पर्यावरण कार्यक्रम यांनी मिळून ‘आयपीसीसी’ ही शास्त्रज्ञांची समिती स्थापली, तीही याच वर्षी. या समितीच्या अहवालांचा सारांश सरकारी प्रतिनिधी ओळ न् ओळ वाचून मान्य करतात. त्यामुळे भाषा सावध होते, पण एकदा मान्य झालेले विज्ञान नंतर कोणत्याही सरकारला सहजी नाकारता येत नाही. ही रचना फार विचारपूर्वक केलेली होती.

डिसेंबर १९९० मध्ये आमसभेने करार घडवण्यासाठी वाटाघाटींची समिती नेमली. फ्रान्सचे जाँ रिपेर तिचे अध्यक्ष होते. पहिली बैठक फेब्रुवारी १९९१ मध्ये वॉशिंग्टनजवळ चँटिली इथे भरली आणि अवघ्या पंधरा महिन्यांत, ९ मे १९९२ रोजी न्यूयॉर्कमध्ये मसुदा संमत झाला. घाईचे कारण उघड होते: जूनमध्ये रिओ दी जानेरोत वसुंधरा परिषद ठरलेली होती आणि तिथे सह्यांसाठी करार तयार हवा होता.

या पंधरा महिन्यांत जे ठरले, त्यावर पुढची तीन दशके उभी आहेत, म्हणून तिथे थोडे थांबायला हवे. युरोपीय देशांना उत्सर्जन १९९० च्या पातळीवर आणण्याचे बंधन हवे होते; अमेरिकेला कोणताही आकडा आणि कोणतीही तारीख नको होती. तेल निर्यात करणाऱ्या देशांना करारच शक्य तितका सैल हवा होता. समुद्रपातळी वाढली तर आपण नकाशावरून पुसले जाऊ, हे ओळखून मालदीव, वानुआतूसारख्या लहान बेट-देशांनी १९९० मध्ये स्वतःची आघाडी बांधली होती. त्यांना कठोर करार हवा होता. वानुआतूने त्याच वेळी असाही प्रस्ताव दिला की समुद्रपातळीमुळे होणाऱ्या नुकसानीसाठी श्रीमंत देशांच्या पैशातून विमा निधी उभारावा. तो बाजूला ठेवला गेला. त्यातली मूळ कल्पना मान्य व्हायला एकतीस वर्षे लागली.

भारताची भूमिका या काळात विशेष स्पष्ट होती. दिल्लीच्या ‘सेंटर फॉर सायन्स अँड एन्व्हायर्न्मेंट’चे अनिल अगरवाल आणि सुनीता नारायण यांनी १९९१ मध्ये एक पुस्तिका काढून अमेरिकेतल्या एका संस्थेच्या आकडेवारीला आव्हान दिले. त्या आकडेवारीत भातखाचरातून आणि गुराढोरांतून निघणारा मिथेन आणि मोटारींच्या धुरातला कार्बन एकाच पारड्यात टाकून भारत-चीनला मोठे गुन्हेगार ठरवले होते. पोटासाठी होणारे उत्सर्जन आणि चैनीसाठी होणारे उत्सर्जन एकच मानायचे का, आणि वातावरणावर प्रत्येक माणसाचा सारखा हक्क का नसावा, असा त्यांचा सवाल होता. चंद्रशेखर दासगुप्ता यांच्या नेतृत्वाखालच्या भारतीय वाटाघाटीकारांनी दरडोई उत्सर्जनाचा मुद्दा लावून धरला. दरडोई समान हक्क कराराच्या मजकुरात आला नाही, पण त्याची सावली असलेले तत्त्व आले: जबाबदारी सर्वांची सामाईक, तरीही प्रत्येकाच्या कुवतीनुसार आणि वाट्यानुसार वेगवेगळी.

या तत्त्वाला प्रत्यक्ष रूप दिले ते परिशिष्टांनी. पहिल्या परिशिष्टात श्रीमंत औद्योगिक देश आणि सोव्हिएत गटातून नुकतेच बाहेर पडलेले देश होते. त्यांनी उत्सर्जन आवरण्यात पुढाकार घ्यायचा होता. दुसऱ्यात फक्त श्रीमंत देश. त्यांनी पैसाही द्यायचा होता. उरलेल्या जगावर माहिती कळवण्यापलीकडे फारसे बंधन नव्हते. १९९२ च्या जगात ही विभागणी न्याय्य होती. तिचा दोष असा की ती बदलण्याची व्यवहार्य वाट ठेवली गेली नाही. दक्षिण कोरिया, सिंगापूर, सौदी अरेबिया पुढे युरोपातल्या कित्येक देशांहून श्रीमंत झाले, चीन जगातला सर्वांत मोठा उत्सर्जक झाला, तरी याद्या जवळपास तशाच राहिल्या. पुढच्या प्रत्येक भांडणात अमेरिकेने या याद्यांकडे बोट दाखवले, आणि विकसनशील देशांनी त्यांनाच ढाल केले.

दुसरी एक बाब त्याहून कमी चर्चिली जाते. करारानंतर परिषदांची कार्यपद्धती ठरवताना मतदानाच्या नियमावर एकमत झाले नाही आणि ते आजतागायत झालेले नाही. परिणामी प्रत्येक निर्णय सर्वसहमतीने घ्यावा लागतो. जवळपास दोनशे पक्षांपैकी एखाद्यानेही हट्ट धरला तर मजकूर अडतो, आणि सहमती झाली की नाही हे शेवटी अध्यक्षाच्या हातोडीवर ठरते. या परिषदा ठरलेल्या दिवशी क्वचितच का संपतात, त्यातले निर्णय इतके पातळ का असतात, याचे मोठे कारण हा न ठरलेला नियम आहे.

रिओत सह्या झालेला करार २१ मार्च १९९४ पासून लागू झाला. त्यातला १९९० च्या पातळीचा उल्लेख इतक्या आडवळणाने लिहिलेला होता की तो बंधनकारक नव्हता. म्हणून १९९५ च्या वसंतात बर्लिनमध्ये पहिली परिषद भरली, तेव्हा जर्मनीच्या तत्कालीन पर्यावरणमंत्री अँगेला मर्केल यांच्या अध्यक्षतेखाली असे ठरले की श्रीमंत देशांसाठी आकडे आणि मुदत असलेला नवा करार करायचा, आणि विकसनशील देशांवर नवे बंधन घालायचे नाही.

हा करार डिसेंबर १९९७ मध्ये जपानमधील क्योटोत झाला. पण त्याच्या पाच महिने आधीच त्याच्या पायाखालची जमीन निघून गेली होती. अमेरिकी सिनेटने २५ जुलै १९९७ रोजी ९५ विरुद्ध ० मतांनी ठराव केला की विकसनशील देशांवरही त्याच मुदतीत बंधन नसेल, किंवा अमेरिकी अर्थव्यवस्थेला गंभीर हानी होणार असेल, तर असा करार करू नये. क्योटोत अर्जेंटिनाचे राऊल एस्ट्राडा यांनी रात्रभर बैठक चालवून ११ डिसेंबरला करार पूर्णत्वाला नेला. सहा वायू, १९९० हे पायाभूत वर्ष, २००८ ते २०१२ हा हिशेबाचा काळ आणि श्रीमंत देशांची एकत्रित सरासरी घट ५.२ टक्के, अशी त्याची चौकट होती. युरोपीय संघाला ८ टक्के, अमेरिकेला ७ आणि जपानला ६ टक्के घट पत्करावी लागली. ऑस्ट्रेलियाला मात्र ८ टक्के वाढीची मुभा मिळाली.

अमेरिकेच्या आग्रहाने क्योटोत बाजाराची साधने आली. विकसनशील देशांच्या वाट्याला त्यातले ‘स्वच्छ विकास यंत्रणा’ हे साधन आले. मुळात ब्राझीलने सुचवले होते की लक्ष्य चुकवणाऱ्या श्रीमंत देशांकडून दंड घेऊन निधी उभारावा. वाटाघाटीत दंडाचे रूपांतर खरेदीत झाले: श्रीमंत देशाने गरीब देशातल्या प्रकल्पाने वाचवलेले उत्सर्जन विकत घ्यायचे आणि आपल्या खात्यावर मांडायचे. चीन आणि भारत या बाजारातले मोठे विक्रेते झाले. सातारा, सांगली, धुळे जिल्ह्यांतल्या पठारांवर उभ्या राहिलेल्या पवनचक्क्यांपैकी अनेक प्रकल्पांनी यात नोंदणी केली. कार्बन क्रेडिट हा शब्द मराठी वर्तमानपत्रांच्या अर्थपानांवर आला तो याच काळात. या यंत्रणेने काही चांगले प्रकल्प उभे केले हे खरे, पण क्रेडिट मिळाले नसते तरी जे उभे राहणारच होते अशा प्रकल्पांनाही क्रेडिट मिळाल्याची टीका सतत होत राहिली. काही रासायनिक कारखान्यांना तर घातक वायू जाळून टाकण्याच्या क्रेडिटमधून अवाजवी नफा झाला. २०१२ नंतर मागणी आटली आणि क्रेडिटचा भाव टनाला एक युरोच्याही खाली आला.

क्योटो करार लागू व्हायला ५५ देशांचे अनुमोदन पुरे नव्हते. पहिल्या परिशिष्टातल्या देशांच्या १९९० मधल्या उत्सर्जनापैकी ५५ टक्के वाटा असलेले देश त्यात हवे होते. मार्च २००१ मध्ये जॉर्ज बुश यांनी अमेरिका बाहेर पडत असल्याचे जाहीर केल्यावर सारे गणित रशियावर येऊन थांबले. युरोपने जागतिक व्यापार संघटनेतल्या रशियाच्या प्रवेशाला पाठिंबा दिला, रशियाने २००४ मध्ये अनुमोदन दिले आणि १६ फेब्रुवारी २००५ रोजी करार अमलात आला. दरम्यान २००२ ची परिषद दिल्लीत झाली. उत्सर्जन घटवण्याइतकेच बदललेल्या हवामानाशी जुळवून घेणेही महत्त्वाचे आहे, हा गरीब देशांचा मुद्दा तिथल्या जाहीरनाम्यात ठळकपणे आला.

क्योटोत राहिलेल्या देशांनी एकत्रितपणे आपले लक्ष्य गाठले. त्यात सोव्हिएत उद्योगांच्या कोसळण्याचा वाटा फार मोठा होता, आणि जगाचे एकूण उत्सर्जन या काळात वाढतच गेले. तरीही क्योटो फसला असे एका वाक्यात म्हणणे अन्यायाचे होईल. देशाने कायद्याने बांधून घ्यावे, मोजावे, हिशेब द्यावा, ही शिस्त त्याने पहिल्यांदा आणली. युरोपचा कार्बन बाजार त्याच्याच बळावर उभा राहिला आणि आजही चालू आहे.

क्योटोनंतर काय, याचे उत्तर शोधण्याची मुदत २००७ च्या बाली परिषदेने २००९ ही ठरवली. म्हणून डिसेंबर २००९ मध्ये कोपनहेगनला शंभराहून अधिक राष्ट्रप्रमुख आणि सरकारप्रमुख आले. इतक्या अपेक्षा घेऊन याआधी कोणतीही परिषद भरली नव्हती. यजमान डेन्मार्कने निवडक देशांत फिरवलेला मसुदा फुटला आणि विकसनशील देशांचा विश्वास पहिल्याच आठवड्यात उडाला. अखेरच्या दिवशी चीनचे वेन जियाबाओ, भारताचे मनमोहन सिंग, ब्राझीलचे लुला आणि दक्षिण आफ्रिकेचे जेकब झुमा एका खोलीत बसले असताना बराक ओबामा तिथे येऊन दाखल झाले आणि त्या बैठकीत तीन पानांच्या आसपासचा एक मसुदा घडला. तापमानवाढ दोन अंशांच्या आत ठेवावी, प्रत्येक देशाने आपापले लक्ष्य कळवावे आणि श्रीमंत देशांनी २०२० पर्यंत वर्षाला १०० अब्ज डॉलर उभे करावेत, ही त्यातली मुख्य कलमे. परिषदेच्या सर्वसाधारण सभेत बोलिव्हिया, व्हेनेझुएला, क्युबा, निकाराग्वा, सुदान, तुवालू यांनी कडाडून विरोध केला. परिषदेने त्या मसुद्याची केवळ ‘नोंद घेतली’.

कोपनहेगनची आठवण अपयश म्हणून राहिली. प्रत्यक्षात आजच्या व्यवस्थेचा सांगाडा तिथेच तयार झाला: वरून लादलेले आकडे जाऊन प्रत्येकाने स्वतः ठरवलेले आकडे आले, आणि श्रीमंत-गरीब ही भिंत पातळ झाली. भारताने तिथे जीडीपीच्या एककामागील उत्सर्जन २००५ च्या तुलनेत २०२० पर्यंत २० ते २५ टक्क्यांनी घटवण्याचे स्वेच्छेने सांगितले. जयराम रमेश तेव्हा पर्यावरणमंत्री होते आणि या लवचीकतेबद्दल त्यांना संसदेत बरीच टीका सोसावी लागली.

पुढच्या वर्षी कानकुनमध्ये मेक्सिकोच्या पॅट्रिशिया एस्पिनोसा यांनी एकट्या बोलिव्हियाचा विरोध नोंदवून हातोडी मारली आणि कोपनहेगनचा आशय औपचारिक निर्णयात आणला; हरित हवामान निधीही तिथे स्थापन झाला. २०११ मध्ये डर्बनला सर्व देशांना लागू होणारा करार २०१५ पर्यंत करण्याचे ठरले. तिथे भारताच्या जयंती नटराजन यांनी समन्यायाच्या तत्त्वासाठी केलेले भाषण आवेशपूर्ण होते, पण अंतिम मजकुरात समन्याय हा शब्द आला नाही. दोहामध्ये क्योटोचा दुसरा टप्पा २०२० पर्यंत वाढवला गेला. पुरेशा देशांच्या अनुमोदनाअभावी ती दुरुस्ती लागू झाली ती ३१ डिसेंबर २०२० रोजी, म्हणजे टप्पा संपला त्याच दिवशी.

पॅरिसची २०१५ ची परिषद यशस्वी होण्यामागे दोन गोष्टी होत्या. नोव्हेंबर २०१४ मध्ये अमेरिका आणि चीन यांनी आपापली लक्ष्ये एकत्र जाहीर केली होती. आणि फ्रान्सचे परराष्ट्रमंत्री लोराँ फाबियुस यांनी कोपनहेगनच्या चुका टाळल्या: नेत्यांना शेवटी बोलावण्याऐवजी सुरुवातीला बोलावून निरोप दिला आणि कोणताही मसुदा कोणापासून लपवला नाही. १२ डिसेंबरला संमत झालेल्या करारात तापमानवाढ दोन अंशांच्या बरीच खाली ठेवणे आणि दीड अंशासाठी प्रयत्न करणे हे उद्दिष्ट आहे. दीड अंशाचा उल्लेख ही लहान बेट-देशांची कमाई. मार्शल बेटांचे टोनी डीब्रम यांनी त्यासाठी श्रीमंत आणि गरीब देशांची संयुक्त आघाडी उभी केली होती.

पॅरिस करारात देशाने लक्ष्य ठरवणे, कळवणे, दर पाच वर्षांनी वाढवणे आणि प्रगतीचा हिशेब देणे बंधनकारक आहे. ते लक्ष्य गाठणे बंधनकारक नाही. ही रचना अमेरिकेच्या सिनेटला वळसा घालण्यासाठी होती. ती किती नाजूक होती ते शेवटच्या तासात दिसले. अंतिम मसुद्यात श्रीमंत देश घटीचे लक्ष्य ‘ठेवतील’ असे छापले गेले होते. तिथे ‘ठेवावे’ असे हवे, नाहीतर सही करता येणार नाही, असे अमेरिकेने कळवले. बंधनाचे क्रियापद जाऊन सल्ल्याचे आले, ही दुरुस्ती टंकलेखनातल्या किरकोळ चुकांच्या यादीत वाचून दाखवली गेली आणि फाबियुस यांनी हातोडी मारली. नुकसानीच्या कलमाबाबतही असेच झाले: कलम आले, पण त्यातून दायित्व किंवा भरपाईचा आधार निर्माण होत नाही असे सोबतच्या निर्णयात लिहून घेतले गेले.

पॅरिसला भारताच्या शिष्टमंडळाचे नेतृत्व पुण्याचे प्रकाश जावडेकर करत होते. हवामान न्याय आणि शाश्वत जीवनशैली हे भारताने मांडलेले मुद्दे कराराच्या प्रस्तावनेत आले. परिषदेच्या पहिल्याच दिवशी नरेंद्र मोदी आणि फ्रान्स्वा ओलाँद यांनी आंतरराष्ट्रीय सौर आघाडी जाहीर केली. वीजक्षमतेचा ४० टक्के वाटा जीवाश्म इंधनांखेरीज इतर स्रोतांचा असेल, असे लक्ष्य भारताने २०३० साठी ठेवले होते. ते २०२१ मध्येच पूर्ण झाले आणि २०२५ च्या मध्यावर हा वाटा ५० टक्क्यांवर पोहोचला. प्रत्यक्ष तयार होणाऱ्या विजेत मात्र अजूनही जवळपास तीन-चतुर्थांश वाटा कोळशाचा आहे. क्षमता आणि निर्मिती यांतला हा फरक सरकारी जाहिरातींत क्वचितच सांगितला जातो.

करार ४ नोव्हेंबर २०१६ रोजी, अपेक्षेपेक्षा फार लवकर लागू झाला. त्यानंतर अमेरिका डोनाल्ड ट्रम्प यांच्या काळात बाहेर पडली, २०२१ मध्ये जो बायडन यांच्या काळात परत आली आणि जानेवारी २०२५ मध्ये ट्रम्प यांनी पुन्हा बाहेर पडण्याचा आदेश काढला. इतर देशांनी मात्र अमेरिकेमागोमाग करार सोडला नाही. ही रचना सैल असली तरी टिकाऊ निघाली, असे मान्य करायला हवे.

२०२१ च्या ग्लासगो परिषदेत भारताने २०७० पर्यंत नेट झिरोचे, म्हणजे सोडलेले उत्सर्जन तितकेच शोषून घेण्याचे, उद्दिष्ट जाहीर केले. परिषदेच्या निर्णयात कोळशाचे नाव प्रथमच आले, आणि त्यावरूनच शेवटचा संघर्ष झाला. मसुद्यात कोळसा ‘हद्दपार’ करण्याची भाषा होती. भारताचे पर्यावरणमंत्री भूपेंद्र यादव यांनी ऐनवेळी ती ‘कमी’ करण्याची केली. अध्यक्ष आलोक शर्मा यांना सभागृहात अश्रू आवरले नाहीत. जगभर भारतावर टीका झाली, चीनलाही तोच बदल हवा होता हे मागे पडले. कोळसा भारत आणि चीन जाळतात म्हणून त्याचे नाव घ्यायचे, तेल आणि वायू अमेरिका आणि युरोप जाळतात म्हणून त्यांचा उल्लेखही नाही, हा भारताचा आक्षेप रास्त होता. तो शेवटच्या मिनिटाला मांडल्याने बुडत्या बेटांच्या प्रतिनिधींना गिळावा लागला, हेही तितकेच खरे. दोन वर्षांनी दुबईत सर्वच जीवाश्म इंधनांपासून दूर जाण्याचे वाक्य संमत झाले. करारानंतर तीस वर्षांनी आजाराच्या कारणाचे पूर्ण नाव कागदावर आले.

नुकसानीच्या निधीला २०२२ च्या महापुराने वाट करून दिली. पाकिस्तानचा मोठा भाग त्या वर्षी पाण्याखाली गेला आणि विकसनशील देशांच्या गटाचे अध्यक्षपदही तेव्हा पाकिस्तानकडे होते. शर्म अल शेखच्या परिषदेत निधी मान्य झाला, दुबईत सुरू झाला. मात्र पहिल्या दोन वर्षांत कबूल झालेली रक्कम एक अब्ज डॉलरच्याही खाली राहिली. १०० अब्जांचे जुने वचनही २०२० ऐवजी २०२२ मध्ये पुरे झाले, तेसुद्धा कर्जाची रक्कम मोठ्या प्रमाणात धरून. २०२४ मध्ये बाकूला विकसनशील देशांनी वर्षाला १३०० अब्ज डॉलर मागितले. २०३५ पर्यंत वर्षाला ३०० अब्जांवर हातोडी पडली. ती पडल्यानंतर भारताच्या प्रतिनिधीने उभे राहून ही रक्कम म्हणजे दृष्टिभ्रम असल्याचे सांगितले आणि आपल्याला आधी बोलू दिले नाही, असा निषेध नोंदवला.

जुलै २०२५ मध्ये हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयाने, वानुआतूच्याच प्रयत्नांमुळे विचारल्या गेलेल्या प्रश्नावर, मत दिले की हवामानाचे रक्षण हे देशांचे कायदेशीर कर्तव्य आहे आणि ते मोडल्यास भरपाईपर्यंत जबाबदारी येऊ शकते. हे मत बंधनकारक निवाडा नाही, पण दायित्वाचा जो दरवाजा पॅरिसमध्ये लावून घेतला होता, तो त्याने किलकिला केला. नोव्हेंबरमध्ये ब्राझीलच्या बेलें शहरात भरलेल्या तिसाव्या परिषदेला अमेरिकेने अधिकृत शिष्टमंडळ पाठवले नाही. जीवाश्म इंधने सोडण्याचा आराखडा ठरवावा अशी ऐंशीहून अधिक देशांची मागणी होती. तेल उत्पादक देशांच्या विरोधामुळे तो अंतिम मजकुरात आला नाही. जुळवून घेण्यासाठीचा निधी २०३५ पर्यंत तिप्पट करण्याचे आवाहन तेवढे झाले.

कोळसा, तेल आणि वायू जाळून होणारे कार्बन डायऑक्साइडचे उत्सर्जन १९९० मध्ये वर्षाला सुमारे २२ ते २३ अब्ज टन होते, आज ते ३७ अब्ज टनांच्या वर आहे. २०२४ हे औद्योगिक काळापूर्वीच्या तुलनेत दीड अंशाहून अधिक तापलेले पहिले वर्ष ठरले. दुसरीकडे, पॅरिसच्या आधी शतकअखेरची अपेक्षित वाढ साडेतीन अंशांच्या आसपास धरली जात होती. आज चालू धोरणांनुसार ती संयुक्त राष्ट्रांच्या पर्यावरण कार्यक्रमाने २.८ अंश आणि दिलेली सर्व वचने पाळल्यास २.३ ते २.५ अंश सांगितली आहे. हा फरक सौर आणि पवन विजेच्या घसरलेल्या किमतींमुळे पडला तसा या करारांमुळेही पडला.

आजवर साचलेल्या कार्बन डायऑक्साइडमध्ये अमेरिकेचा वाटा सुमारे एक-चतुर्थांश आणि भारताचा तीन ते चार टक्के आहे. दरवर्षी एक अमेरिकी माणूस सरासरी १४ टनांच्या आसपास उत्सर्जन करतो, भारतीय माणूस सुमारे दोन टन. चीनचे दरडोई उत्सर्जन मात्र आता युरोपीय संघाच्या पुढे गेले आहे, म्हणून १९९२ च्या याद्यांचा आडोसा त्याला यापुढे शोभत नाही. पॅरिस करारानुसार दुसरा जागतिक आढावा २०२८ मध्ये व्हायचा आहे. त्यात टनांच्या आकड्यांइतक्याच काटेकोरपणे पैशाचा हिशेब तपासला गेला पाहिजे: किती दिले, त्यात अनुदान किती, कर्ज किती आणि ते कोणापर्यंत पोहोचले. या हिशेबाची सर्वमान्य पद्धत अजून ठरलेली नाही.